चौकटीवरची पुरचुंडी

दाराच्या चौकटीला टांगलेली हळदीच्या फडक्याची एक पुरचुंडी अजून माझ्या डोळ्यांपुढून हलत नाही. सत्तरच्या दशकात, मोठ्या दुष्काळानंतर मी दक्षिण सोलापूर तालुक्यात फौजदार होतो. माझा स्वभाव मुळातच संशयी. आमच्या घरात म्हणायचे, यांना देव भेटला तर हे आधी तलाठ्याचा दाखला मागतील.

होटगीपलीकडच्या माळावर वनखात्याने कडुनिंब आणि बाभळीची लागवड केली होती. तिथली झाडे तोडून कोणीतरी घर बांधायला घेतले. घर उभे राहिले की जागा आपली म्हणायची, मग खालचा मुरूम काढायचा, हा धंदा मला ठाऊक होता. वनखात्याने दोघांवर दावा लावला. एक खडी-मुरमाचा ठेकेदार आणि दुसरा तिथेच मेंढरांचे वाडगे करून राहणारा म्हातारा मेंढपाळ. गणपतीच्या आधी कोर्टाचा मनाई हुकूम दोघांना बजावला गेला. तरी भिंती चढल्याच. मग कोर्टाच्या अवमानाचा अर्ज झाला आणि बांधकाम कोणी पुढे नेले याचा तपास आमच्याकडे आला.

ठेकेदाराने शपथेवर सांगितले, हुकूम मिळाला त्या दिवसापासून मी तिकडे फिरकलो नाही, पुढचे काम म्हाताऱ्याचे. आणि म्हाताऱ्याने ते कबूल केले! आरोपी इतक्या सहज कबूल होतो तेव्हा माझे कान टवकारतात. जन्मभर पालात राहिलेल्या माणसाला दगडी घर कशाला हवे? मला वनरक्षकाचा संशय आला, कारण त्याने काहीच पाहिले नव्हते. ठेकेदाराकडे चहा पिऊन आलेल्या माझ्याच हवालदाराचाही आला.

खबर मिळाली ती होटगी स्टेशनाजवळच्या हॉटेलवाल्याकडून. एक गवंडी नवा टॉवेल, नवी टोपी मिरवत चहाला आला होता आणि माळावर चौकट बसवल्याचे सांगत होता. मी माणूस पाठवेपर्यंत गवंडी विजापूरकडे पसार झालेला. पण मला तेवढे पुरे होते. चौकट बसते तेव्हा मालक-मालकीण जोडीने पूजा करतात, हळकुंड, सुपारी, धान्य फडक्यात बांधून वर टांगतात आणि गवंड्याला टॉवेल-टोपी देतात. माझ्या थोरल्या भावाची चौकट वहिनी माहेरहून येईपर्यंत भिंतीला टेकून राहिली होती.

म्हाताऱ्याला ठाण्यात बसवून मी विचारले, "पूजेला कोण बसलं?"

"मीच की."

"आणि जोडीला?"

त्याने खांद्यावरची घोंगडी काढून मांडीवर घेतली. त्याची बायको दुष्काळातच गेली होती, हे त्यानेच आदल्या दिवशी सांगितले होते. शेवटी म्हणाला, "साहेब, मला आत घाला. पर त्या ठेकेदाराच्या हिरीवर माजी मेंढरं पाणी पित्यात. माळावर दुसरं पाणी न्हाय."

आता कोडे सुटले. म्हातारा तुरुंगात गेला तरी चालेल, मेंढरे तहानेने मरू नयेत, एवढाच त्याचा हिशेब होता. मला ठेकेदाराचा भयंकर राग आला. पण म्हातारा हे बोलणे जबाबात द्यायला तयार नव्हता. सही-अंगठ्याचे नाव काढताच तो पुन्हा "घर माजंच हाय" म्हणू लागला.

मी जागेवर पंचनामा ठेवला. ठेकेदाराला निरोप दिला, शेजारचे विहिरीचे शेत तुमच्या मंडळींच्या नावावर आहे, हद्दीचा जबाब हवा, त्यांनाही आणा. तो सासऱ्याच्या जमिनीवर वर आलेला माणूस. बाई आल्या आणि डोक्यावर पदर घेऊन बाभळीखाली उभ्या राहिल्या. त्यांचा चेहरा पाहून कळत होते की कोर्टाचे प्रकरण त्यांच्या कानावर गेलेलेच नाही.

पंचांसमोर मी ठेकेदाराला म्हणालो, "घर तुमचं नाही ना? मग ती पुरचुंडी सोडा आणि टाका खाली."

तो हसला, पुढे झाला, हात वर केला. हात तिथेच थांबला. पंच बघत होते. त्याने घाम पुसला आणि पुन्हा हात नेला.

"त्याला हात लावू नका," बाई म्हणाल्या. "दसऱ्याला माज्या हातानं बांदलंय ते."

ठेकेदाराने हात खाली घेतला. हुकूम गणपतीआधीचा, चौकट दसऱ्याची. पंचनाम्यात आणखी काही लिहायची गरज उरली नाही.

बाजूला उभ्या असलेल्या म्हाताऱ्याला मी सांगितले, तू सुटलास. त्याच्या तोंडावर आनंद नव्हता. "मग आता मेंढरं कुटं पाजू?" त्याने विचारले.

बाईंनी नवऱ्याकडे पाहिले नाही. "हीर माज्या बापानं दिल्याली हाय," त्या म्हणाल्या. "मेंढरं पितील."

ठेकेदाराला शिक्षा झाली, घर पाडले गेले, माळ वनखात्याकडे राहिला. या प्रकरणाने मला एक शिकवले. कोर्टासमोर बेधडक खोटी शपथ घेणारा माणूसही स्वतःच्या उंबऱ्यासमोर अडखळतो, म्हणून तपास तिथून सुरू करावा. बाई खरे का बोलल्या, घराच्या ओढीने की फसवल्याच्या रागाने, याचा मी अजून विचार करतो. आणि शब्दावर विश्वास ठेवायची सवय मला तेव्हाही लागली नाही. पुढच्या उन्हाळ्यात गस्तीचे निमित्त काढून मी मुद्दाम त्या विहिरीकडे गेलो. मेंढरे पाणी पीत होती, आणि मोट बाईच हाकत होत्या.