चाचींचं खमीर

माझ्यावर सर्वांत जास्त उपकार कोणाचे, असं कोणी विचारलं तर मी आईवडिलांच्याही आधी आमच्या खानावळवाल्या चाचींचं नाव घेतो, आणि त्याला माझ्या वडिलांचीही हरकत नाही. देवणीकडच्या आमच्या खेड्यातून मी अकरावी-बारावीसाठी लातूरला आलो, तेव्हा सगळ्या शहरात एकाच गोष्टीची टंचाई होती, ती म्हणजे वेळेची. पहाटेचा क्लास, मग कॉलेज, मग दुपारचा क्लास, मग टेस्ट. पोरं दात घासतानाही आरशावर चिकटवलेली सूत्रं वाचत. अशा शहरात चाचींकडे मात्र वेळ बरणीत भरून ठेवलेला होता.

बरणी चिनी मातीची, लोणच्याची असते तशी. आत करड्या रंगाचं, श्वास घेतल्यासारखं वरखाली होणारं खमीर. रोटीचं पीठ फुगावं म्हणून आदल्या पिठातला गोळा राखून ठेवतात, तेच हे. भूकंपानंतर चाची किल्लारीजवळच्या माहेरी धावत गेल्या, तेव्हा भावाच्या घराच्या दगडमातीखाली ही एकच वस्तू धड सापडली. भाऊ-भावजय सापडले ते तसे नाही. तेव्हापासून ते खमीर पिठाऐवजी वेळ खायला लागलं. जवळ कोणी काही न करता बसलं, की तो बसलेला वेळ ते पोटात घेई आणि पुढे मनात आलं की परत देई. चाचींना याचं नवल वाटत नसे. "जमीन एवढी हालली, त्याच्या डोक्यावर काही तरी परिणाम होणारच की," असं त्या म्हणत.

त्यामुळे खानावळीचा नियम असा, की जेवण झाल्यावर प्रत्येकाने बरणीपाशी थोडं रिकामं बसायचं. पुस्तक चालत नसे. मनातल्या मनात सूत्र म्हटलेलंही खमिराला कळे आणि ते तळाला जाऊन बसे. कोणाच्या लग्नात कोण रुसलं हे सांगायला लागलं की झाकणापर्यंत फुगे. नांदेडहून आलेला एक हुशार पोरगा एकदा घड्याळ बघत म्हणाला, "चाची, मला टाईम नाही हो." झालं. त्याच्या ताटातली भाजी समोर येताच शिळी व्हायला लागली. शेवटी चाची म्हणाल्या, "माफी माग त्याची. हात जोडायची गरज न्हाई, नुसती एक जांभई दे, मनापासून." त्याने दिली. दुसऱ्या दिवशी भाजी ताजी.

खमीर खुशीत येऊन थोडा वेळ परत देई, तेव्हा तर फारच गोंधळ. चाची पीठ मळायला घेत तोवर रोट्या भाजून तयार. दूधवाला येण्याआधीच येऊन गेलेला असे, आणि "आत्ताच तर घातलंस की दूध," असं चाचींनी सांगितलं की बिचारा रिकाम्या किटलीत बघत उभा राही. मला मात्र खमिराने पहिल्याच दिवशी जवळ केलं. काही न करता बसणं, ही एक विद्या मी गावाहून पक्की शिकून आलो होतो.

चाची वेळ कशासाठी साठवतात, हे त्यांनी मला रोट्या थापता थापता सांगितलं. भूकंपाच्या आदल्या संध्याकाळी त्या भावाकडेच होत्या. भाऊ म्हणाला, "आपा, जेवून जा." या म्हणाल्या, "न्हाई रे, गाडी चुकंल," आणि उठल्या.

"बरणी भरली की ती एक संध्याकाळ मागून घेणार हाय मी."

"मग त्यांना सावध कराल?"

"झालेलं बदलत न्हाई ते. लई विचारून बघितलं. मला नुसतं जेवायचं हाय."

बारावीच्या परीक्षेच्या तोंडावर मला कावीळ झाली. उठून बसलो तेव्हा परीक्षा दारात आली होती आणि माझी उजळणीची वही कोरी होती. वडील आले आणि वळकटी बांधू लागले. "चल. जिवापेक्षा बारावी मोठी न्हाई." एकदा घरी गेलो की माझं शिक्षण संपलं, हे दोघांनाही माहीत होतं. चाचींनी त्यांच्यापुढे चहा ठेवला. "भाऊ, तुम्ही चहा घ्या. तोवर पोराला मी जरा आत नेते." स्वयंपाकघरात बरणी काठोकाठ भरलेली होती. त्यांनी झाकण काढलं.

"दे ह्याला. सगळं दे."

खमीर ढिम्म. ती संध्याकाळ कोणाची, हे त्याला ठाऊक असावं. चाची त्याच्यावर रागावल्या. "माझा भाऊ जेवायला थांबंल रे. परीक्षा थांबती का?"

मग ते सैल झालं. मी भौतिक, रसायन, गणित सगळं वाचून काढलं, अधूनमधून झोपलो, चाचींनी दिलेला ताकभात खाल्ला आणि पुन्हा वाचलं. बाहेर आलो तेव्हा वडिलांच्या बशीतला चहा वाफाळत होता. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "दाढी लई वाढली की रं," एवढंच म्हणाले, आणि वळकटी सोडली.

मी आमच्या घराण्यातला पहिला पदवीधर झालो आणि आता नांदेडला कॉलेजात शिकवतो. घर सोडणाऱ्याला खमीर बांधून द्यायचं, ही चाचींच्या माहेरची रीत. लातूर सोडताना तळाशी उरलेलं चिमूटभर त्यांनी मला दिलं. ते मी घरी वाढवलं. रोज संध्याकाळी त्याच्यापाशी नुसता बसतो. सहकारी मला आळशी समजतात, आणि पत्नीने त्यांचा गैरसमज दूर करण्याऐवजी स्वतःच शेजारी येऊन बसायला सुरुवात केली. परवा ते झाकणाला लागलं. लातूरला जाणाऱ्या एसटीच्या कंडक्टरकडे बरणी दिली आणि बरोबर हे पत्र:

तीर्थरूप चाचींस, सलाम.

सोबत बरणी पाठवत आहे. गाडी निघण्याआधीच पोहोचली तर कंडक्टरला बोलू नका, त्याचा दोष नाही. यात माझा, माझ्या पत्नीचा आणि वडिलांचा वेळ आहे. वडिलांचाच जास्त आहे. ते हल्ली इथेच असतात आणि बसण्यात माझ्याहून तयार आहेत. सगळा खुशीने दिलेला आहे. खमीर तुमच्या घरचंच, त्यामुळे कोणती संध्याकाळ ते त्याला सांगावं लागणार नाही.

या पत्राला लगेच उत्तर लिहू नका. जेवण सावकाश होऊ द्या. भाऊ आणखी एक रोटी वाढायला लागले, तर नको म्हणू नका.

आपलं लेकरू