विचारणाऱ्यानं आधी सांगायचं

सामंत सर गेल्याचा फोन आला तेव्हा मी पहिला प्रश्न विचारला, "नक्की कुणी पाहिलं?" पलीकडे त्यांच्या पत्नी, कुमुदताई होत्या. त्या म्हणाल्या, "मीच पाहिलं, अरविंदराव. सकाळी चहा घेऊन गेले, तर..." आपण काय बोलून बसलो ते मला फोन ठेवल्यावर कळलं. विमा कंपनीत दावे तपासण्यात माझा जन्म गेला. गोठा खरंच जळला का, माणूस सांगतात त्याच दिवशी गेला का, हे खणून काढायचं काम. पण सामंत सरांवरचा माझा संशय काही नोकरीतून आलेला नव्हता. माझा धाकटा भाऊ दिलीप घरातून निघून गेला तो परतलाच नाही, आणि त्या दिवशी त्याला शेवटचे भेटले ते सामंत सर. तो का गेला, कुठे गेला, हे त्यांना ठाऊक आहे आणि ते दडवताहेत, असं मी दहा-अकरा वर्षं धरून चाललो होतो. सरांना जाऊन आता दीड महिना झाला.

सर पनवेलच्या शाळेत भूगोल शिकवून निवृत्त झालेले, सुकापूरला दुसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्यांत राहायचे. दर रविवारी सकाळी तिथं दहा-बारा माणसं जमायची. या जमण्याला ते 'अनेकसांगी' म्हणत. त्यांच्या म्हणण्याप्रमाणे ही खाडीकाठच्या कोळ्यांची जुनी परंपरा. एखादी होडी परतली नाही की किनाऱ्यावरचा प्रत्येक जण आपण काय पाहिलं ते सांगायचा. एकाला ती उत्तरेला जाताना दिसलेली, दुसऱ्याला दक्षिणेला. होडी परत येईपर्यंत कुणालाच खोटं पाडायचं नाही, सगळी खरी शेजारीशेजारी नांदू द्यायची. सरांनी हेच घराघरांतल्या भांडणांना आणि मोडलेल्या लग्नांना लावलं होतं. नियम थोडेच. कुणी आपली सांगणी सांगत असताना मध्ये बोलायचं नाही. 'खोटं' हा शब्द काढायचा नाही. सांगून झालं की "माझ्या बाजूनं एवढंच" म्हणायचं, मग ऐकणाऱ्यानं पाण्याचा पेला त्याच्यापुढे सरकवायचा. आणि ज्याला काही विचारायचं असेल त्यानं आधी स्वतःची सांगणी द्यायची. सर म्हणायचे, "खरं एकच असतं, तर ते बघायला एक माणूस पुरला असता." आमच्या कंपनीत हे चाललं असतं तर महिन्याभरात टाळं लागलं असतं!

ही परंपरा सरांनीच रचलेली आहे असा मला दाट संशय होता. म्हणून एका सुट्टीच्या दिवशी स्कूटर काढून जासईला गेलो. रस्त्याच्या दोन्ही अंगांना कंटेनरच कंटेनर, खाडी कुठे दिसेना. ओट्यावर बसलेल्या एका म्हाताऱ्या कोळ्याला विचारलं. तो म्हणाला, "आमच्यात आसं काय नाय. होडी नाय आली तर शोदायला जायाचं. गोष्टी काय सांगत बसायचं?" एवढ्यात आतून त्याची बायको ओरडली, "नाय कसं? माज्या आयशीच्या गावाला हाय! आमी पोरी बसून ऐकायचो. तुमाला काय ठावं?" दोघं माझ्यासमोरच जुंपली. मी तावातावानं येऊन सरांना सांगितलं, तर त्यांनी आनंदानं वही उघडली आणि दोघांचं म्हणणं एकाखाली एक लिहून घेतलं. अशा माणसाला पकडायचं तरी कुठे?

दिलीप कळंबोलीच्या लोखंड बाजारात कारकून होता, रविवारी सरांकडे जमणाऱ्यांतलाच एक. ती त्याची तिसरी नोकरी. एका मंगळवारी डबा घेऊन निघाला आणि रात्री आलाच नाही. आम्ही पोलिसांत गेलो, नातेवाईक पालथे घातले. सरांनी मात्र सांगण्या गोळा केल्या. स्टँडवरच्या चहावाल्यानं त्याला उरणच्या एसटीत चढताना पाहिलं होतं. आमच्या गल्लीतले दुकानदार इब्राहीमभाई शपथेवर सांगत होते, "ट्रकमें बैठा था, अरविंदभाई, कळंबोलीला. पुण्याच्या बाजूला चालला होता. हात केला त्यानं मला." मी सरांना विचारलं, "एक माणूस एकाच दुपारी दोन गाड्यांत कसा चढतो?" ते म्हणाले, "चढत नाही. पण दोघांना दिसतो." आणि त्यांनी घरी येऊन त्या दोन्ही सांगण्या आईला वाचून दाखवल्या. आईनं दोन्ही ठेवून घेतल्या. बाजारात चांगले बोंबील आले की म्हणायची, उरणला खात असेल पोटभर. थंडी पडली की म्हणायची, पुण्याकडे गारठा असेल, स्वेटर नेला नाही त्यानं. माझं डोकं फिरायचं. मी सुकापूरला जाऊन सरांवर ओरडलो, "तुम्ही म्हातारीला फसवताय. काय माहिती आहे ते एकदा सांगून टाका." सरांनी पेला भरून स्वतःजवळ ठेवला. "तुमची सांगणी द्या ना, अरविंदराव. मग हवं ते विचारा." मी म्हणालो, "मी चौकशीला आलोय, सांगायला नाही." त्यानंतर जेव्हा जेव्हा गेलो, तेव्हा तो भरलेला पेला त्यांच्याजवळ असायचा, आणि मी तेच वाक्य बोलून जिना उतरायचो. चार वर्षांनी आई गेली, दोन्ही सांगण्या उराशी धरून.

गेल्या आठवड्यात कुमुदताईंनी बोलावून एक वही हातात दिली. "तुम्हालाच द्यायची म्हणाले होते." घरी आणून उघडली. चहावाल्याची सांगणी, इब्राहीमभाईंची सांगणी, आणि तिसरी सरांची स्वतःची: 'दिलीप दुपारी आला. पाणी प्यायला. कुठे निघालास विचारलं तर म्हणाला, अजून ठरलं नाही. का, ते विचारलं तर म्हणाला, सकाळी दादा काय बोलला ते मी कुणाला सांगणार नाही, ते दादानं सांगायचं. माझ्या बाजूनं एवढंच.' जुनी खोड... मी भिंग आणून शाई पाहिली, पान मागाहून शिवलंय का तेही पाहिलं. ही नोंद त्याच दिवसाची आहे याची मला आजही खात्री देता येणार नाही. पण ते वाक्य सरांना रचता येणार नाही, कारण सकाळी मी दिलीपशी बोललो होतो हे आम्हा दोघांशिवाय कुणालाच माहीत नव्हतं. पुढच्या पानावर माथ्याला माझं नाव होतं. खाली पान कोरं.

तर माझी सांगणी. दिलीप कामावर जातो असं सांगून भलतीकडे जातो, असा मला संशय होता. आदल्या दिवशी मी रजा टाकून त्याच्या मागावर गेलो. तो सुकापूरला सरांच्या खोलीत त्यांच्या वह्या उतरवून काढत बसला होता. नोकरी सुटून दोन महिने झाले होते. मंगळवारी सकाळी जिन्यात त्याला अडवलं आणि म्हणालो, "आज संध्याकाळपर्यंत आईला खरं सांग, नाहीतर या घरात पाऊल टाकू नकोस." तो म्हणाला, "दादा, थोडे दिवस दे." मी म्हणालो, "खरं सांगायला दिवस कशाला लागतात?" तो डबा घेऊन खाली उतरला. हे मी पोलिसांना सांगितलं नाही, बायकोला सांगितलं नाही. आई रोज दाराकडे बघत बसायची, तिलाही सांगितलं नाही. सरांवर संशय घेत राहिलो, ते सोपं होतं.

माझ्या बाजूनं एवढंच. वहीशेजारी मी पेला भरून ठेवला होता. तो पुढे सरकवायला समोर कुणी नव्हतं.