सुरगाण्यात राहून गेलेली अर्धी कथा

मामांनी फोनवर एवढंच विचारलं, "रविवारी सुरगाण्याला गाडी काढशील?" मी लगेच हो म्हटलं. बोरगावकडे स्ट्रॉबेरी आली होती आणि माझा ब्लॉग महिनाभर ओस पडला होता. मामांवरचं प्रेम वगैरे तिसरं कारण.

मामा माहितीपट करायचे. चाळीस वर्षं देशभरच्या गाणाऱ्या-वाजवणाऱ्यांमागे कॅमेरा घेऊन हिंडले. 'देशाची संस्कृती' हे शब्द त्यांच्या तोंडी इतके, की आमच्याकडे जेवायला उशीर झाला तरी कोणीतरी म्हणतं, संस्कृतीच आहे ही. पुढच्या महिन्यात नाशकात त्यांचा सत्कार होता आणि त्यात त्यांची पहिली फिल्म दाखवणार होते. ती सुरगाण्याजवळच्या पाड्यावर केलेली. तिच्यात कथा सांगणाऱ्या सोमाबाबांना मंचावर बसवायचं, म्हणून हे आमंत्रण द्यायला आम्ही निघालो.

नाशकाहून सकाळी सातला निघालात तर दिंडोरीत मिसळ गरम मिळते. वणीपर्यंत रस्ता चांगला. बोरगावहून डावीकडे वळल्यावर वळणं आणि खड्डे दोन्ही वाढतात. साडेतीन तास धरा. पेट्रोल वणीतच भरून घ्या. मामा वाटभर भाषणाची तयारी करत होते आणि मी खड्ड्यांची.

सोमाबाबा अंगणातच भेटले. नागलीची भाकरी आणि उडदाची आमटी झाली. मग मामांनी हौसेने लॅपटॉप उघडला. पडद्यावर तरुण सोमाबाबा बसलेले, पुढ्यात काशाची थाळी, थाळीत मेणाने उभी केलेली काडी. काडीवरून बोटं ओढली की थाळी घुमते आणि त्या सुरावर कणसरीची, म्हणजे धान्याच्या देवीची, कथा चालते. अकरा मिनिटांनी देवी रुसून निघते, उंबऱ्याशी येते आणि फिल्म संपते.

"पुढची?" बाबांनी विचारलं.

"तेव्हा रीळ संपलं होतं," मामा म्हणाले.

"तुमची गाडी गेली न् मी परत बसलो. पुरी सांगितली. चालू केलेली कथा अर्धी सोडत नाय. माय उंबऱ्यावरच राहते, घरात दाणा येत नाय." मग त्यांनी पडद्याकडे बोट केलं. "ही कुठं कुठं दाखवली?"

मामा खुशीत सांगू लागले. दिल्ली, कोलकाता, परदेशात दोनदा.

"सगळीकडं इतकीच?"

मामांनी लॅपटॉप मिटला. मला त्यांची दया आली, आणि थोडं हसूही.

बाबांनी सुनेला हाक मारली, "थाळी आण." लॅपटॉपने कथा चालू केली होती, ती आता संपवायला हवी होती. मामांचा हात सवयीने रेकॉर्डिंगसाठी मोबाइलकडे गेला आणि परत मांडीवर आला. बाबांनी उंबऱ्यापासून उचललं ते तीन तासांनी देवी कणगीत शिरल्यावरच ठेवलं. मामांना मध्ये दोनदा डुलकी लागली, हेही लिहायला हवं.

परतीच्या वाटेवर स्ट्रॉबेरी घेतली. आंबट निघाली.

घरी येऊन त्यांनी सत्कारवाल्यांना फोन लावला. फिल्मनंतर सोमाबाबांना तीन तास हवेत, म्हणाले. पलीकडून पंधरा मिनिटं मिळाली.

"मग भाषणं काढा."

"सर, पाहुणे ठरलेत."

"मग फिल्म काढा."

सत्कार शाल-नारळात उरकला. मामांची पहिली फिल्म काही दाखवली गेली नाही. पुढच्या रविवारी त्यांनी स्वतःच्या सोसायटीच्या हॉलमध्ये ती लावली आणि फिल्म थांबली तिथून सोमाबाबा पुढे बसले. सुरुवातीला साठेक माणसं होती. कोणाला भाजी आणायची होती, कोणाकडे पाहुणे यायचे होते. देवी कणगीत शिरली तेव्हा आम्ही सातजण उरलो होतो.

मामा पहिल्या रांगेत ताठ बसले होते. या वेळी त्यांना डुलकी लागली नाही.