मासे खाणारं जनावर

माझ्या वडिलांनी आयुष्यभर घरात साधं मांजर येऊ दिलं नाही. केस गळतात, दुधात तोंड घालतात, लाड केले की डोक्यावर बसतात, असं त्यांचं म्हणणं. मुलांबद्दलही साधारण हेच म्हणणं होतं. आणि हाच माणूस नोकरी सुटल्यावर एक जनावर पाळून बसला, तेही जगाच्या पाठीवर कुठेही नसलेलं.

नव्वदचं दशक संपत आलेलं. डोंबिवलीत कुठे कुठे इंटरनेट पोचलं होतं, टेलिफोनच्याच वायरीतून यायचं ते. माझ्या धाकट्या भावाने घरच्या कॉम्प्युटरवर एक खेळ आणून ठेवला होता. जगभरची माणसं त्यात एकाच वेळी शिरायची, कुणी योद्धा व्हायचं, कुणी मांत्रिक, आणि एका खोट्या राज्यात भटकत बसायची. भावाला पुण्यात नोकरी लागली, तो गेला. कॉम्प्युटर मागे राहिला, आणि मानपाड्याच्या बाजूच्या एका रंगाच्या कारखान्यातून स्वेच्छानिवृत्ती घेतलेले बाबा राहिले. स्वेच्छा कुणाची होती ते विचारू नका.

त्या खेळात एकही चित्र नव्हतं, हे आधी सांगते. काळा पडदा आणि त्यावर इंग्रजी अक्षरं. तुम्ही जंगलात आहात, उत्तरेला नदी आहे, असं लिहून यायचं, की आपण समजायचं नदी आहे. तलवारी होत्या, राक्षस होते, खजिने होते. बाबांना त्यातलं काही नको होतं. त्यांनी काम निवडलं ते जनावरं माणसाळवायचं. त्यातही साधी जनावरं नाहीत. सगळ्या खेळात क्वचित कुणाला दिसलेलं, चांदीच्या खवल्यांचं, पाणमांजरासारखं तोंड आणि घोड्याएवढा आकार असलेलं काहीतरी त्यांनी हेरलं. त्याच्या नदीकाठी रोज जाऊन बसायचं, हलायचं नाही, ते चावलं तरी उठायचं नाही. असं कित्येक आठवडे केल्यावर ते त्यांच्या मागे चालायला लागलं म्हणे. घरात आम्ही दोन पोरं त्यांच्या मागे चालत होतो तेव्हा त्यांनी वळूनही पाहिलं नव्हतं.

मी हे सगळं डोळ्यांनी पाहिलेलं नाही. मी तोवर घरातून बाहेर पडलेले. म्हणजे पळून वगैरे नाही, सगळ्यांना सांगून, ठाण्याला रजिस्टर लग्न करून. नवरा माझ्याच ऑफिसातला, खाडीकाठच्या कोळीवाड्यातला. त्याच्या वडिलांची होडी होती, हा पदवी घेऊन सरकारी नोकरीला चिकटलेला. स्वभावाने माझ्यापेक्षा शंभर पटीने शांत. पण बाबांनी त्याला पाहायलासुद्धा नकार दिला.

"त्या घरात मासे शिजतात," ते म्हणाले.

बस्स, एवढंच. जात हा शब्द त्यांच्या तोंडून आला नाही. सुशिक्षित माणूस ना, ते कसं म्हणणार? त्यांनी मासे पुढे केले. मुलगी मासे शिजणाऱ्या घरात द्यायची नाही, विषय संपला. मी भांडायला तयार होते. रात्रंदिवस मुद्दे पाठ करत होते. पण बाबा भांडलेच नाहीत. ते माझ्याशी बोलायचे बंद झाले. माझ्यासमोर आईला सांगायचे, "तिला सांग, जायचं असेल तर जा म्हणावं," आणि मी तिथेच, त्याच खोलीत, हातात ताट घेऊन उभी असायचे. आमचा वन रूम किचनचा ब्लॉक. त्यात एखाद्याशी न बोलता राहायचं म्हणजे किती कष्ट पडत असतील, विचार करा.

लग्नाला आई एकटी आली. बाबांचा निरोप काय, म्हणून मी विचारलं, तर ती पदर नीट करत बसली.

तेव्हापासून मला एकच गोष्ट हवी होती. त्यांनी माझ्याशी बोलावं. गोड बोलावं असं नाही, तेवढी भोळी मी कधीच नव्हते. शिव्या घालाव्यात, दोष द्यावा, पण मला द्यावा, आईमार्फत नाही. म्हणून मी रोज दुपारी ऑफिसातून डोंबिवलीला फोन लावायचे. रोज एंगेज. सकाळी लावला तरी एंगेज, संध्याकाळी लावला तरी तेच. मी ठरवून टाकलं की हा माणूस माझ्या धास्तीने रिसीव्हर काढून ठेवतो. एवढा राग आलेला मला, की एकदा ऑफिसातला फोन आपटला तर साहेब केबिनमधून बाहेर आले.

आई महिन्यातून एखाद्या शनिवारी ठाण्याच्या भाजी मार्केटात यायची. डोंबिवलीत भाजी मिळत नाही असं बाबांना वाटत असावं, किंवा वाटत नसावं आणि ते गप्प बसत असावेत. तिला मी रिसीव्हरचं विचारलं.

"अगं, काढून नाही ठेवत," आई म्हणाली. "ह्यांचं जनावर असतं ना लाइनवर."

मग तिथेच, कोथिंबिरीच्या ढिगाशेजारी उभं राहून तिने मला सगळं सांगितलं. सकाळी अंघोळ, संध्या, देवपूजा. चहा. आणि मग हे कॉम्प्युटरवर बसतात ते त्याला मासे धरायला.

"काय धरायला?"

"मासे. ते दुसरं काही खातच नाही म्हणे."

मला आधी खोटंच वाटलं. पण आई थट्टा करणाऱ्यांतली नाही. ते जनावर मासे सोडून कशालाच तोंड लावत नव्हतं. बाबांनी त्याला पाव घालून पाहिला, फळं घालून पाहिली, एका जत्रेतून दूध आणून पाहिलं. शेवटी त्यांनी त्या खेळात गळ विकत घेतला आणि नदीवर बसून मासे पकडायला शिकले. माझे बाबा. ज्यांना मासळी बाजारावरून रिक्षा गेली तरी नाकाला रुमाल लागायचा, ते.

"आणि उठले की साबणाने हात धुतात," आई म्हणाली. तिने हे इतक्या सरळपणे सांगितलं की मी रस्त्यातच हसत सुटले, आणि मग हसता हसता संतापले.

पुढची गोष्ट तर आणखी भारी. संकष्टी आली. बाबांनी त्या दिवशी जनावराला मासे घातले नाहीत. आपल्या घरात संकष्टीला चालत नाही, तर त्यालाही चालणार नाही, असा हिशेब. त्याला उपास घडवला. दुसऱ्या दिवशी जाऊन बघतात तर जनावर रानात निघून गेलेलं. भुकेलं राहिलं की ते माणसाला विसरतं, असा त्या खेळाचा नियम. मग बाबांनी जेवण सोडलं. आई सांगत होती की ते त्या काळ्या पडद्यासमोर बसून सगळं रान पालथं घालत होते, दुपारची झोपसुद्धा नाही. जनावर सापडलं तेव्हा पुन्हा पहिल्यापासून नदीकाठी बसून त्याला माणसाळवलं. त्यानंतर संकष्टी असो, एकादशी असो, मासे चालू.

"मी म्हटलं त्यांना," आई म्हणाली, "त्याला चालतं वाटतं आता? तर म्हणाले, तुला त्यातलं कळत नाही."

घरी येऊन मी नवऱ्याला सांगितलं. मला वाटलं तो माझ्यासारखाच पेटून उठेल. तो म्हणाला, "बाबांना आमच्या बंदरावर घेऊन ये. खरं जाळं देतो. गळाने किती दिवस काढणार?" मी त्याच्याशी जेवेपर्यंत बोलले नाही. घराण्याचं वळण.

पण मनात ठरलं होतं. फोन लागत नाही, घरी गेले तर ते आईला सांगणार की तिला सांग. मग जिथे हा माणूस दिवसभर सापडतो, तिथेच जायचं आणि सगळ्यांदेखत हे मासे त्याच्या पदरात घालायचे. भावाला पुण्याला फोन केला. तो म्हणाला, "ताई, उगाच तमाशा करू नकोस," आणि मग कसं शिरायचं, नदी कुठे, हे सगळं सांगितलं. बाबांना शोधायची गरज नव्हती. त्या खेळात ते प्रसिद्ध होते. लांबलांबचे लोक ते जनावर बघायला यायचे. एका परदेशी माणसाने त्याच्या बदल्यात आपला आख्खा किल्ला देऊ केलेला. बाबांनी नको म्हटलं. कारखान्यात इतकी वर्षं काढून ज्याला साधी खुर्ची धड मिळाली नाही, तो किल्ले नाकारत होता.

ठाण्याला आमच्या ऑफिसजवळ नुकताच एक सायबर कॅफे उघडलेला. जेवणाच्या सुट्टीत डबा उरकून मी तिथे जाऊन बसले. खोटं नाव घेतलं, वाट चुकत चुकत नदीवर पोचले. पडद्यावर लिहून आलं की इथे एक म्हातारा बसला आहे आणि त्याच्या शेजारी चांदीच्या खवल्यांचं जनावर निजलं आहे. म्हातारा व्हायचं त्यांनी स्वतः निवडलेलं. तिथे वाटेल ते होता येतं.

मी इंग्रजी अक्षरांत मराठी लिहिलं, "नमस्कार काका."

"मराठी?" लगेच उत्तर. "ये, ये. कुठली तू? पण हळू ये. नवीन माणूस दिसलं की बुजतं ते."

ठाण्याची, म्हणाले मी. आणि मग बाबा बोलत सुटले. डोक्यावर हात ठेवू नकोस, मानेवरून फिरव. ओरडून बोलू नकोस. आज पाणी गार आहे म्हणून ते सुस्त आहे. परवा त्याच्या पायाला लागलं होतं, मी पाला लावला, आता बरं आहे. ओळीमागून ओळ. माझ्या दहावीच्या निकालाला 'ठीक आहे' म्हणणारा माणूस एका अनोळखी पोरीला जनावराची झोप कशी असते ते समजावत होता. मी तिथे खुर्चीत बसून वाचत होते आणि मला त्यांचा असा तिरस्कार वाटला, जसा कधीच वाटला नव्हता. म्हणजे हे सगळं यांच्याजवळ होतं. नव्हतंच, असं नाही. होतं, आणि आम्हाला दिलं नाही.

"काका, तुम्ही मासे खाता?" मी विचारलं.

"छे. आमच्या घरात चालत नाहीत."

"मग याला रोज कसे घालता?"

"त्याचं खाणंच ते आहे. तसंच जन्माला आलंय. त्यात त्याचा काय दोष?"

मी क्षणभरही थांबले नाही. बोटं आधीच तयार होती.

"आणि जावयाचा काय दोष आहे, बाबा?"

जनावराने शेपूट हलवली, असं लिहून आलं. मग त्याने पुन्हा हलवली. मग एक ओळ आली, की म्हातारा निघून गेला आहे. पळाले. तिथूनसुद्धा पळाले. मी मनातल्या मनात त्यांना काय काय म्हणाले ते इथे लिहिण्यासारखं नाही. आणि मग डोक्यात आलं की ते खेळातून उठले म्हणजे लाइन मोकळी असणार.

कॅफेच्या खालीच पीसीओ होता. मी पायऱ्या उतरून गेले, नंबर फिरवला. रिंग वाजली. इतक्या महिन्यांत पहिल्यांदा वाजली, बराच वेळ वाजत राहिली. मग उचलला. हॅलो नाही, काही नाही. फक्त त्यांचा श्वास. मला ओळखता येतो तो.

"बाबा," मी म्हटलं.

"तुझी आई देवळात गेली आहे."

"मला तुमच्याशीच बोलायचंय."

"बोल."

आता बोलायचं होतं. सगळं पाठ होतं, लग्नाच्या आधीपासून पाठ होतं. आणि माझ्या तोंडून शब्द फुटेना. मागे कुणीतरी फोनसाठी थांबलं होतं. काच ठोठावत होतं. तिकडे बाबांनी फोन ठेवला नव्हता.

"जेवलीस का?" शेवटी त्यांनीच विचारलं.

"हो."

"काय होतं?"

भाजी-पोळी म्हणता आलं असतं. पण माझा स्वभाव त्यांच्यावरच गेलेला. सासूबाईंनी डब्यात जे दिलं होतं तेच मी सांगितलं, आणि मुद्दाम मोठ्याने सांगितलं.

"बांगडा."

मी कानाला फोन दाबून उभी राहिले. आता ते ठेवणार, आणि मग परत कधीच उचलणार नाहीत, हे मला पक्कं ठाऊक होतं.

"काटे बघून खात जा," ते म्हणाले.