आयनोबाईची कटिंग

एक किस्सा सांगायला घ्यावा, तर मागचा म्हणतो, "आधी मी!" चिंचवडच्या आमच्या कंपनीत फिल्मची खोली निघाली, तवापासनं हे असं झालंय राव. मी नववी नापास, तिथं रिळं गुंडाळायला लागलो.

*

कंपनी कामगारांना शिकवायला फिल्म काढत होती. मशीनं फिनलंडची, म्हणून फिल्म कापून जोडणारी बाईपण फिनलंडची. आयनोबाई! गेटवर वॉचमननं विचारलं, "काम काय?" ती म्हणाली, "कटिंग!"

मग काय, मी सगळीकडं सांगत सुटलो. जेवणाच्या सुट्टीत तिघं जण गळ्याला टॉवेल गुंडाळून दारात हजर! बाईनं कात्री उचलली, पहिल्याला स्टुलावर बसवला आणि कापले की हो केस!

*

त्या फिल्ममध्ये माझा दोस्त रफिक, त्याचे अब्बा होते, लेथ मशीनवरचे उस्मानचाचा. शूटिंग झालं आणि काविळीनं गेले. जन्मात कधी फोटो काढला नाय. फिल्ममध्ये मात्र काम थांबवून कॅमेऱ्याकडं बघून मस्त हसलेत. रफिकची अम्मी, हमीदाचाची, रोज मला विचारायची, "आयनोबाईने उनका हंसना रखा ना रे?"

*

बाईचं इंग्लिश मोडकं, माझं त्याहून. म्हणून जमलं. एकदा विचारलं, "बाई, तुमची फेमस फिल्म कुठली?"

म्हणाली, शाळा सुटली तवापासनं कापतेय. लाकूडतोड्यांच्या फिल्मा, बर्फाच्या, प्रेमाच्या. कापलेलं कुणाला कळलं नाय, की काम चांगलं.

"म्हणजे पाकीटमारच की!"

हसून हसून तिला चष्मा पुसावा लागला. दुसऱ्या दिवसापासनं मला, "गुड मॉर्निंग, पोलीस!"

*

एक तुकडा मी उलटा चिकटवला. ट्रायलला मोठे साहेब पडद्यावर खाली डोकं वर पाय, मागं मागं चालत गेटबाहेर! बाई म्हणाली, "जॉइंट चांगलाय."

साहेब तापलेलेच. तेवढ्यात पडद्यावर उस्मानचाचा आले. साहेब ओरडले, "हा कोण दात काढतोय? कामगार मशीनकडं बघतो! फिल्ममध्ये हे दिसता कामा नये."

"येस सर," बाई म्हणाली.

मी बाईशी बोलणंच सोडलं.

*

कँटीनमध्ये शो लागला. हमीदाचाची पुढच्या बाकड्यावर. लेथ आला, चाचांचे हात आले, आणि लगेच पुढचं मशीन! चाचीनं मान खाली घातली.

"समाप्त" आलं. साहेब टाळ्या वाजवून निघून गेले. मी दिवा लावायला उठलो, तर बाईनं माझा हात धरला. प्रोजेक्टर चालूच. पांढऱ्या पडद्यावर उस्मानचाचा वळले आणि हसले.

चाची ताडकन उभी राहिली. डोक्यावर पदर घेतला.

"हंसते क्या? शिफ्ट छूटी तुम्हारी. घर चलो!"