भरमूअण्णा आणि माशाचा जबडा

भरमूअण्णा पावशे माणूस भेटला की आधी त्याच्या दातांकडे बघतात. त्यात त्यांचा दोष नाही, धंदाच तसा आहे. बेळगावात खडेबाजाराच्या मागच्या एका बोळात त्यांची खोली आहे. दातांचे डॉक्टर पेशंटचं माप घेऊन पाठवतात आणि त्या मापावरून अण्णा कवळी बनवतात. माझ्या सासूबाईंची कवळी त्यांच्याच हातची. त्या कवळीनं सासूबाई शेवटपर्यंत भाजलेली कणसं खात होत्या, त्यामुळे अण्णांचा आणि आमचा घरोबा झाला. पुढची हकिगत मला थोडी त्यांच्याकडून आणि थोडी त्यांच्या बायकोकडून, मालुबाईंकडून कळली.

अण्णा बेळगावशेजारच्या कंग्राळीचे, घर अजून तिथंच. घरी भात आणि भाजीपाला. तीन भावांत ती जमीन पुरणार नाही हे लवकरच कळलं, म्हणून ते शहरात कामाला येऊ लागले आणि गोव्याच्या एका म्हाताऱ्या कारागिराच्या हाताखाली मेणात दात बसवायला शिकले. त्यांची खरी कमाल रंगात आहे. साठीच्या माणसाला विशीतले दात लावले तर सगळं तोंडच खोटं दिसतं, म्हणून अण्णा दाताच्या मुळाशी थोडा पिवळा आणि कडेला किंचित करडा रंग भरतात. निपाणीकडचं एखादं तंबाखू खाणारं गिऱ्हाईक असलं, तर त्याचे दात त्याला शोभतील असेच करतात. "पांढरेशुभ्र दिले तर परत घेऊन येत्यात," ते सांगतात. "म्हणत्यात, अण्णा, गावात लोक हसालेत."

गेल्या काही वर्षांत काम कमी झालं. नवे डॉक्टर तोंडात कॅमेरा घालून माप घेतात, ते कॉम्प्युटरवरून बंगळूरला जातं आणि तिथं मशीन दात कोरून देतं. अण्णांची तक्रार नव्हती. दुपारी मात्र बराच वेळ रिकामा जाई.

अशाच एका दुपारी निवेदिता त्यांच्या खोलीत आली. ही इथल्याच टिळकवाडीतली, एका कॉलेजात भूगर्भशास्त्र शिकवणारी. तिच्या वडिलांची कवळी अण्णांनीच केली होती. तिनं पिशवीतून प्लास्टिकचा डबा काढला. आत कापसात दात ठेवलेले होते. काही तपकिरी, काही काळपट, काही निळसर. सगळे टोकदार आणि चकचकीत.

अण्णांनी एक उचलून उजेडात धरला. "कुणाचे हो हे?"

"शार्कचे. दहा कोटी वर्षांपूर्वीचे."

अण्णा हसले. त्यांना वाटलं, पोरगी थट्टा करतेय. मग तिनं समजावून सांगितलं. तमिळनाडूत, तिरुचीच्या पुढे, एक ओसाड मुलूख आहे. पिवळट, राखाडी मातीच्या घळी, गवताचं पातं नाही. पूर्वी तिथं समुद्र होता आणि ती माती म्हणजे त्या समुद्राचा तळ. निवेदितानं सलग तीन हिवाळे तिथं गुडघ्यांवर बसून हे दात वेचले होते. आता ते तिच्या पीएच.डी.च्या गाइडच्या संस्थेत, दुसऱ्या शहरात, कायमचे जमा व्हायचे होते. त्याआधी कॉलेजातल्या मुलांना दाखवायला तिला त्यांच्या हुबेहूब प्रती हव्या होत्या.

"नुसते दातच? बाकीचा मासा कुठाय?" अण्णांनी विचारलं.

"शार्कच्या अंगात हाडच नसतं, काका. कानाला हात लावून बघा. वर कडक लागतं ना, तसलंच तिचं सगळं अंग. ते कुजून जातं, दात तेवढे राहतात. आणि दात तर जन्मभर पडतच असतात. एक पडला की मागचा पुढे येतो."

"म्हंजे तिला आमची गरजच न्हाय म्हणा की."

डब्याच्या तळाशी, वेगळ्या डबीत, एक बोटभर लांबीचा तुकडा होता. हा शार्कचा नव्हता. हाडं असणाऱ्या एका माशाचा जबडा होता, आणि त्यात दात अजून जागेवर रोवलेले होते. मधला सुळा तर सुईसारखा. सुटे दात पुष्कळ सापडतात, पण जबड्यात बसलेले तिला एवढे एकदाच, तेही शेवटच्या दिवशी परत निघताना, चपलेशी सापडले होते.

"हा जमला तरच करा," ती म्हणाली. "शंका वाटली तर हात लावू नका. नाही झाला तरी चालेल मला."

"आणा हिकडं. जबड्याचंच काम करत जल्म गेला माझा."

शार्कच्या दातांचं काम सोपं गेलं. अण्णा एकेक दात मऊ मातीत अर्धा बसवायचे, त्यावर रबराचं पातळ मिश्रण ओतायचे, घट्ट झालं की साचा सोलून काढायचे आणि त्यात प्लॅस्टर ओतून प्रत करायचे. मालुबाई दुपारी डबा घेऊन आल्या की टेबलापाशी उभ्या राहायच्या.

"शार्क म्हंजे काय ओ?"

"मोरी मासा असतोय न्हवं, तसलीच मोठी मोरी समज."

"अगं बाई! मग मोरीच म्हणा की. बाजारात मिळती ती." मग त्यांनी एक दात तळहातावर घेतला आणि बराच वेळ धरून ठेवला. "हिनं काय काय खाल्लं असंल ओ?"

त्या प्रश्नावर अण्णा दिवसभर विचार करत राहिले. आजवर त्यांनी हजारो माणसांच्या खाण्याची सोय केली होती, पण या दातांना शेवटचा घास कोणता मिळाला असेल, तो मासा कुठल्या रंगाचा असेल, पाणी किती खोल असेल, याचा अंदाज त्यांना करता येईना. घरी जाताना बसमध्ये कंग्राळीची शेतं लागली तेव्हा त्यांच्या मनात आलं, ह्या खाली काय असंल? दुसऱ्या दिवशी त्यांनी निवेदिताला फोन करून विचारलं. आपल्याकडे वर सगळा लाव्हाचा काळा दगड आहे, त्यात शार्क मिळायचे नाहीत, असं ती म्हणाली. अण्णांना थोडं वाईट वाटलं.

शेवटी जबडा हातात घेतला. हाड सच्छिद्र होतं. अशा कामात भोकं आणि खाचा आधी मेणानं बुजवाव्या लागतात, नाहीतर रबर आत शिरून धरून बसतं. हे अण्णांना झोपेतही सांगता आलं असतं. त्यांनी भिंग लावून एकेक भोक बुजवलं. सुळ्याच्या मागची एक चीर त्यांना वरवरची वाटली. ती तेवढी तशीच राहिली.

साचा सोलताना आवाज झाला. भातातला खडा दाताखाली यावा तसा, बारीक. सुळा आणि त्याच्या मुळाशी असलेलं नखाएवढं हाड रबरात अडकून वेगळं झालं होतं.

अण्णा खुर्चीत बसून राहिले. बाहेर एक भाजीवाली कन्नडमध्ये ओरडत गेली. दहा कोटी वर्षं जे टिकलं, समुद्र आटला तरी टिकलं, ते आपल्या हातात एका दुपारी मोडलं.

अडकलेला तुकडा त्यांनी चिमट्यानं हलकेच सोडवला. साच्याला मात्र काही झालं नव्हतं. मोडण्याआधीचा जबडा त्यात रेघन् रेघ उतरला होता. अण्णांनी त्यात प्लॅस्टर ओतलं, आणि प्रत बाहेर आली तेव्हा तिला रंग द्यायला बसले. आयुष्यात एवढं मन लावून त्यांनी कुणाचेच दात रंगवले नव्हते. मुळाशी विटकरी, टोकाला काळपट निळा, हाडावर मातीचा हात. संध्याकाळपर्यंत प्रत तयार झाली.

घरी त्यांनी दोन्ही वस्तू मालुबाईंपुढे ठेवल्या. मोडलेला जबडा नुसता जुळवून ठेवला होता.

"ह्यातला खरा कुठला?"

मालुबाईंनी न अडखळता प्रतीवर बोट ठेवलं. "हा. तो दुसरा तुटका हाय."

अण्णांना क्षणभर बरं वाटलं. मग त्यांनी झालं ते सांगितलं. मालुबाई म्हणाल्या, "तुम्ही ही नक्कलच खरी म्हणून द्यायचा इचार करालाय व्हय?"

"कुणाला कळणार न्हाय."

"त्या संस्थेत असलं सगळं मशीनीत घालून तपासत्यात म्हणाला होता की तुम्हीच."

"त्या आधी बरीच वर्सं जातील. कपाटात पडून ऱ्हाईल."

"मग ती पोरगी त्यावर काय काय लिहील, पोरांना शिकवील. तुमच्या पलास्टरावरनं."

मला हे सांगताना अण्णा म्हणाले, "आक्का, कवळी खोटी असती हे घालणाऱ्याला ठाऊक असतंय. घरच्यांना ठाऊक असतंय. मी आजवर कुणाला खोटं खरं म्हणून दिलं न्हाय. तवा पयल्यांदा द्यायला निघालतो."

सकाळी ते कॉलेजात गेले. निवेदिता प्रयोगशाळेत होती. त्यांनी आधी मोडलेल्या जबड्याची डबी टेबलावर ठेवली आणि मगच तोंड उघडलं.

"माझ्या हातनं मोडला. चूक माझी. एक चीर बुजवायची ऱ्हायली."

तिनं डबी उघडली आणि सुटा झालेला सुळा बघितला. "मी म्हटलं होतं ना काका, शंका वाटली तर करू नका म्हणून."

"शंका वाटली न्हवती. तीच चूक."

तिचे डोळे भरून आले. ती चिडली होती, आणि वडिलांच्या वयाच्या माणसावर ओरडता येत नव्हतं. "तुम्ही जा आता," ती म्हणाली. "मी नंतर बोलते." शार्कच्या दातांच्या प्रती अण्णांनी बाकावर ठेवल्या. तिनं त्यांच्याकडे बघितलंही नाही.

त्यानंतर बरेच दिवस अण्णांचं कामात लक्ष लागलं नाही. एका बाईंची कवळी त्यांनी पुन्हा पुन्हा घासली आणि डॉक्टरांनी ती परत पाठवली. मालुबाई म्हणत, फोन करा. अण्णा म्हणत, तिनं करायचा, मी न्हाय.

तिनं केला. गाइड फोनवर खूप बोलले होते, पण शेवटी म्हणाले होते की जीवाश्म मोडतात, त्यांच्याही हातून मोडलेत. चीर बहुधा मुळातलीच होती. पुन्हा विरघळवता येईल अशा खास गोंदानं जोडायचा, आणि जोडलाय हे सोबत नोंदवायचं.

"गोंद आलाय," निवेदिता म्हणाली. "मला एकटीला जमायचं नाही, काका. तुम्ही याल?"

"मी? पुन्हा?"

"मी भिंगातून बघून सांगते. तुम्ही बसवा."

दोघांनी मिळून तो जोडला. गोंदाचा एक थेंब, मग श्वास रोखून धरणं. सांध्याची केसाएवढी रेघ राहिली. अण्णा म्हणाले, रंग देऊन झाकता येईल. ती म्हणाली, झाकायची नाही. अण्णांनी मान हलवली. तेव्हाच त्यांनी तिला त्या रंगवलेल्या प्रतीबद्दलही सांगून टाकलं. ती म्हणाली, "बरं झालं आलात त्या दिवशी." एवढंच.

जानेवारीत ती विद्यार्थ्यांना घेऊन त्या मुलखात निघाली तेव्हा अण्णांनी विचारलं, मी आलो तर चालंल का? मालुबाईही निघाल्या. रेल्वेनं तिरुची, तिथून बस. घळींच्या काठावर उभ्या राहून मालुबाईंनी उन्हासाठी कपाळावर आडवा हात धरला आणि सगळीकडे नजर फिरवली. त्यांनी खरा समुद्र एकदाच, गोव्याला बघितला होता. "पाणी कुठवर हुतं गं?" त्यांनी निवेदिताला विचारलं.

"आपल्या डोक्याच्या कितीतरी वर."

मालुबाईंनी नकळत वर बघितलं.

मुलं गटागटानं पांगली. काही चाळणी घेऊन बसली, काही ओणवी होऊन चालू लागली. अण्णा एकटेच एका घळीत उतरले. जेवायलाही वर आले नाहीत. दुसऱ्या दिवशीही तेच. ऊन डोक्यावर, गुडघे सोललेले, आणि हा माणूस मातीचं एकेक ढेकूळ उलटून बघतोय. मुलांना शार्कचे लहान दात सापडले, एकीला माशाचा मणका सापडला, बटणाएवढा. अण्णांच्या समोर एक छानसा दात पडला होता तो त्यांनी उचललाही नाही, एका मुलाला बोटानं दाखवला आणि पुढे सरकले.

निवेदिता खाली उतरून त्यांच्याजवळ बसली. "काका, तुम्ही जबडाच शोधताय ना? मोडला त्याच्या बदल्यात?"

अण्णांनी मातीकडेच बघत मान डोलावली. "व्हय. एक मिळाला असता तर…"

"मिळाला तरी तो दुसरा मासा असेल, काका."

ती थोडा वेळ बसली आणि वर निघून गेली. अण्णा तिथंच राहिले. मला त्यांनी सांगितलं की त्या वेळी त्यांना रडू आलं नाही, काही नाही, फक्त पाय पसरून ते जमिनीवर नीट बसले, आणि पहिल्यांदाच त्या जागेकडे बघितलं. मातीत जिप्समचे तुकडे काचेसारखे चमकत होते. जुन्या शिंपल्यांचा खच पडला होता. पलीकडच्या टेकाडावरून कुणीतरी शेळ्या हाकत होतं. अख्खा समुद्र इथं आला आणि गेला, त्यात असंख्य मासे जगले, आणि त्यांतल्या एकाचा बोटभर तुकडा आपल्यापर्यंत पोचला. तो आपण मोडला, हे खरं. पण तो आपल्या हातात आला होता, हेही खरंच की.

मग ते उठून विद्यार्थ्यांमध्ये गेले आणि मिळेल ते उचलू लागले.

"मॅडम, हे काय?"

"दगड, काका."

"आणि हे?"

"तोही दगडच."

मुलं हसली, अण्णाही हसले. मालुबाई झाडाच्या तुटक्या सावलीत चाळणी हलवत बसल्या होत्या. त्यांनी तिथूनच हाक मारली, "अवो, हिकडं या की जरा. माझ्या हातात मोरी आलीया वाटतं."

अण्णा खिशातून भिंग काढत त्यांच्याकडे चालू लागले.