निळ्या डोक्याचा बगळा

ताईचा सिंगापूरहून फोन आला. "शनिवारी मुलांना आमच्या मालिकेचा पहिला भाग दाखवणारेत. त्यांना नाही आवडला तर मालिका गुंडाळणार, आणि तिच्याबरोबर माझी नोकरी आणि इथं राहायचा पासही. तू ये ना." मग कसला नाही म्हणतोय!

चांगी विमानतळावरून क्वीन्सटाउनला ताईकडे जायचं तर एमआरटीनं, म्हणजे तिथल्या मेट्रोनंच जा. एकदा गाडी बदलावी लागते, पण पाट्या वाचल्या की चुकायला जागा नाही. ताईच्या फ्लॅटखालच्या हॉकर सेंटरमध्ये, खाण्याच्या गाळ्यांवर, दोन-तीन डॉलरमध्ये पोट भरतं. मी जवळजवळ रोटी प्राटावरच, म्हणजे तिथल्या परोठ्यावरच राहिलो.

ताई अ‍ॅनिमेटर आहे. लहानपणी आम्ही दूरदर्शनवर हिंदीतून बघायचो ते जपानी कार्टून, 'लोखंडी बगळा', तिचा स्टुडिओ नव्यानं करतोय. पहिल्याच दिवशी तिला तो आठवणीतून काढायला सांगितला. तिनं निळं डोकं, हिरवे पाय रंगवले. सगळे बघतच राहिले. मूळ बगळा पांढराशुभ्र! आमचा टीव्ही ब्लॅक अँड व्हाइट. बाबांनी त्याच्यावर वर निळी, मध्ये केशरी, खाली हिरवी अशी प्लास्टिकची काच लावून जाहीर केलं होतं, "झाला कलर टीव्ही!"

"मेल्याहून मेल्यासारखं झालं रे," ताई म्हणाली. "पण म्हातारे जपानी दिग्दर्शक हसले नाहीत. चित्र मागून घेतलं."

शनिवारी बुओना व्हिस्टा स्टेशनला उतरून वन-नॉर्थच्या ऑफिसांमधून चालत स्टुडिओत गेलो. तीसेक मुलं, त्यात ताईची नऊ वर्षांची इरा. पडद्यावर बगळा पाण्यात नुसता उभा. मुलं चुळबुळायला लागली.

"Why he just stand there? So slow lah," इरा सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली. घरचाच आहेर! ताईनं माझा हात घट्ट धरला.

मग संध्याकाळ झाली. बगळ्याचं डोकं आभाळात निळं झालं, पोटावर केशरी ऊन आलं, पाय भाताच्या खाचरात हिरवे. मुलं गप्प बसली. भाग संपला तरी कुणी उठेना.

"Mummy, one more time can?" इरानं विचारलं. ताई रडत होती, त्यामुळे "हो" मीच म्हणालो.

रविवारी चांगीच्या धक्क्यावरून बंबोटनं, म्हणजे छोट्या लाकडी मोटारबोटीनं, पुलाउ उबीन बेटावर गेलो. बारा माणसं जमेपर्यंत बोट सुटत नाही, घाई असेल तर जाऊच नका. सायकली भाड्यानं मिळतात. चिखलात एक खराखुरा बगळा दिसला तशी इरा सायकल थांबवून उभी राहिली. आम्हाला हूं का चूं करू दिलं नाही.

मालिकेला होकार आला. काही महिन्यांनी ताईनं पहिल्या भागाची सीडी पाठवली. पुण्यात आई-बाबांकडे आता रंगीत टीव्ही आहे. बाबा चष्मा पुसून बसले. संध्याकाळचं दृश्य आलं तसे पुढे सरकले, आणि मग आईकडे वळून विजयी आवाजात म्हणाले,

"बघ. मी लावलेले रंग बरोबरच होते."